जाऊन राहिलो

भोजराज खुर्चीत कधी धड बसलाच नाही. पाय हलतोय, नाहीतर बोटं वाजतायत. अड्याळचा हा गडी मुंबईत माहितीपटांचा संकलक झाला, आणि दुसऱ्यांच्या फिल्मा कापता-जोडता हात शिवशिवायला लागले तेव्हा कुठे, १९८३ साली, त्याला स्वतःची फिल्म करायला मिळाली. विषय होता धरणात जाणारं गाव. गाव शोधायला त्याला लांब जावं लागलं नाही. त्याची शकुनमावशी अशाच एका गावात राहायची.

मावशीला भाच्याचं भारी कौतुक. "माया भाचा मुंबईले कापते अन् जोडते," असं ती गावभर सांगायची. ऐकणाऱ्याला वाटावं, पोरानं शिलाई मशीन घेतली.

कॅमेऱ्यासमोर ती लाजलीबिजली नाही. बैलबंडीत भांडीकुंडी भरली होती, धानाची पोती चढत होती. बंडीला हात लावून ती म्हणाली, "आमी नव्या गावाले जाऊन राहिलो, पर जीव काही येऊन नाही राहिला."

आता आपल्या अड्याळकडे 'जाऊन राहिलो' म्हणजे निघालोय, जातोय. एवढंच. पण ज्या सरकारी खात्यासाठी फिल्म होती तिथल्या साहेबांचा जन्म मुंबईतला. त्यांनी ते वाक्य ऐकलं आणि टेबलावर थाप मारली.

"जाऊन राहिलो! म्हणजे गेले, राहिले, रमलेसुद्धा! व्वा! इथेच कापा. पुढचं ते जीवबीव नको."

भोजराजनं तोंड उघडलं. तेवढ्यात साहेब म्हणाले, "आणि नद्यांवरची पुढची फिल्मही तुम्हीच करा. रंगीत आहे." उघडलेलं तोंड मिटलं. लाज वाटली, पण कात्री चालली. मावशीचं अर्धं वाक्य, म्हणजे फिल्मची कापलेली पट्टी, खिळ्याला लटकत राहिलं. ते फेकवेना आणि तिकडे बघवेना. चहा निवायचा, झोप उडायची, बायको विचारायची तर हा तिच्यावरच खेकसायचा.

साहेबांना हौस दांडगी. फिल्म पहिल्यांदा नव्या वस्तीतच दाखवायची, असं त्यांनी ठरवलं. संध्याकाळी शाळेसमोर पडदा लागला, सतरंज्यांवर माणसं मावेनात. साहेब खुर्चीत बसले. भोजराज मागं उभा राहून नखं खात होता.

पडद्यावर मावशी आली तशा शिट्ट्या वाजल्या. "आमी नव्या गावाले जाऊन राहिलो..." आणि एकदम कालव्याचं पाणी खळाळलं. निवेदक गोड आवाजात म्हणाला, "शकुनबाई नव्या गावात रमल्या आहेत."

"फिलम तुटली रे, तुटली!" गावातला सेवकराम ओरडला.

मावशी तर सतरंजीवरून उठलीच. पडद्याकडे हात करून तिनं खणखणीत आवाजात राहिलेलं सांगून टाकलं, "पर जीव काही येऊन नाही राहिला!"

"खरं हाय व बाई," बायका म्हणाल्या. एकीनं डोळ्याला पदर लावला. गलका इतका वाढला की प्रोजेक्टर थांबवावा लागला.

मावशी गर्दीतून वाट काढत भोजराजपाशी आली. "तुयी फिलम तुटली न रे बाबू. मी तं पूरं बोलली होती."

खोटं बोलणं सोपं होतं. ती मान डोलावून गेलीही असती.

"तुटली नाही, मावशी. मीच कापली."

"काहून?"

भोजराजनं खुर्चीतल्या साहेबांकडे बघितलं. मावशी रागावली असती तर बरं झालं असतं.

"मंग जोड," ती म्हणाली. "तुले जोडताबी येते ना?"

भोजराज तसाच खुर्चीकडे गेला. साहेब रुमालानं मान पुसत होते.

"साहेब, ही प्रत दाखवू नका. नवी काढावी लागेल. एक तुकडा जोडायचा राहिलाय."

"वेडे झालात का? मग नद्यांची फिल्म विसरा."

"ती राहिली तर राहिली, साहेब."