उरलेले दोन दिवस

“अहो, डॉक्टरीणबाई म्हणतायत अजून तासभर तरी लागेल,” फोनवर बायकोचा आवाज चिरका झाला होता. “तुमच्याकडे किती वेळ आहे?”

जन्मनोंद कचेरीच्या खिडकीतून नोंदवाल्यांनी सूर्याकडे पाहिलं. तो समोरच्या गोदामाच्या पत्र्यावर टेकायला आला होता. “पंचवीस मिनिटं,” ते म्हणाले.

“मग काहीतरी करा की! एकतीस वर्षं त्या कचेरीत बसून करता तरी काय?”

याचं उत्तर द्यायला पंचवीस मिनिटं पुष्कळ होती, पण तिने फोन ठेवला होता.

वर्षाचा शेवटचा दिवस होता. पूर्वजांनी कालगणना बसवली तेव्हा त्यांना समान वाटणीचं भारी वेड होतं. अकरा महिने केले, प्रत्येकाला तेहतीस दिवस दिले, आणि शेवटी दोन दिवस उरले. ते कोणत्या महिन्याच्या पदरात टाकायचे यावरून समितीत हमरीतुमरी झाली आणि अखेर कुणालाच द्यायचे नाहीत, असं एकमताने ठरलं. तेव्हापासून ते दोन दिवस कुठल्याच वर्षात नाहीत. त्या दिवसांत जन्मलेल्याला जन्मतारीख नाही. जन्मतारीख नाही म्हणून वय नाही, आणि वय नाही म्हणून शाळा नाही, कायमची नोकरी नाही, निवृत्ती तर नाहीच. अशा माणसांना लोक ‘उरलेले’ म्हणत. म्हणजे पाठीमागे. तोंडावर त्यांना कुणी काहीच म्हणत नसे.

कचेरीतले शिपाईमामा उरलेले होते. पाठ वाकलेली, हात थरथरते, तरी रोजंदारीवर रोज हजर, कारण कागदोपत्री ते अजून एक दिवसाचेही झाले नव्हते. वर्ष संपल्याचा ढोल गच्चीवरून तेच वाजवत.

पूर्वी नोंदवाल्याने वहीवर शिक्का मारला आणि ढोल वाजला की वर्ष संपे. वेळेचं बंधन नव्हतं. आधीचे नोंदवाले त्या संध्याकाळी चहा मागवायचे, चष्मा हरवायचे, प्रसूतिगृहाचा शेवटचा फोन येईपर्यंत दिवे लावून बसायचे. नोकरीच्या तिसऱ्या वर्षी आमच्या नोंदवाल्यांनी या गलथानपणावर टिपण लिहिलं: वर्ष सूर्यास्ताला संपावं, क्षणाचीही सवलत नको. टिपणाचं परिपत्रक झालं. नोंदवाल्यांना गौरवपत्र मिळालं. मागल्याच वर्षी एक बाप या खिडकीशी हात जोडून उभा होता. नोंदवाल्यांनी त्याला पेलाभर पाणी दिलं होतं, आणि परिपत्रकाची प्रत.

“काय नोंदवाले, आवरलं का?” साहेब कोट घालतच आत आले. “खाली गाडी उभी आहे. घरची मंडळी खोळंबलीत.”

“साहेब, माझी मुलगी अडली आहे.”

“अरेरे! पहिलंच का?”

“हो.”

“मग वेळ लागणारच,” साहेब अनुभवी आवाजात म्हणाले.

“साहेब, तासभर शिक्का थांबवला तर…”

“तुम्ही म्हणताय हे?” साहेबांना खरोखरच धक्का बसला. “अहो, परिपत्रक तुमचंच ना? आमच्याकडून प्रशिक्षणात पाठ करून घेतलं होतं!”

“साहेब, पाया पडतो.”

आणि नोंदवाले खरंच वाकले. एकतीस वर्षांत ते फक्त खालचा खण उघडायला वाकत आले होते. साहेबांना वाटलं, काहीतरी शोधतायत. ते बाजूला सरकले.

नोंदवाले उठून वहीशी बसले. नोंद आधीच करून टाकायची. अनुक्रमांक लिहिला, आईचं नाव लिहिलं, बापाचं लिहिलं. पुढचा रकाना होता: मुलगा की मुलगी. पेन तिथे अडलं. मुलगा लिहिलं आणि मुलगी झाली, तर ती नोंद तिची नव्हे. त्यांनी आयुष्यात कधी अंदाजाने रकाना भरला नव्हता. आता भरावा म्हटलं तर हाताला ते येईना.

फोन वाजला.

“डोकं दिसतंय!” बायको ओरडत होती. “अहो, लवकर होतंय! पाच मिनिटं थांबवा, पाचच!”

पत्र्यावर सूर्याची नखाएवढी कड उरली होती. मग तीही गेली.

“मारा,” साहेब म्हणाले.

आणि नोंदवाल्यांचा हात उठला. त्यांनी उचलला नाही, तो उठला. परिपत्रक निघाल्यापासून दरवर्षी याच घटकेला उठत होता तसा. शिक्का वहीवर बसला. सरळ, ठसठशीत, शाई जरादेखील न फिसकटता. तेव्हा कुठे नोंदवाल्यांना कळलं की आपण काय केलं. त्यांनी बोटाने शिक्का पुसायला घेतला. पण शाई सरकारी होती, चांगली होती.

“मामा, ढोल!” साहेबांनी जिन्यातून हाक दिली.

“काठी सापडत नाहीये, साहेब,” वरून आवाज आला.

साहेब चार पायऱ्या चढले. “हातात आहे ती काय?”

“ही होय? ही टेकून चालायची.”

“मामा, नोकरीवर पाणी सोडावं लागेल!”

“कुठल्या नोकरीवर, साहेब?” मामांनी मनापासून विचारलं.

शेवटी साहेब स्वतः गच्चीवर गेले. त्यांना ढोल वाजवता येत नव्हता. वरच्या मजल्यावर कुणीतरी कपाट सरकवतंय असा आवाज झाला. पण नियमात ताल कुठे लिहिला होता? वर्ष संपलं.

टेबलावर पडलेल्या फोनमधून मग बारीक, चिडलेलं रडणं ऐकू आलं.

प्रसूतिगृहात नोंदवाले पोचले तेव्हा मामा त्यांच्यासोबत होते. बायको खिडकीकडे तोंड करून उभी होती. ती वळली नाही. ढोल तिनेही ऐकला होता. पोरीने मात्र कळांच्या नादात काहीच ऐकलं नव्हतं.

“बाबा,” ती खोल गेलेल्या आवाजात म्हणाली, “थांबवलंत ना तुम्ही?”

नोंदवाले पाळण्याकडे वळले.

“एकाने थांबवून बघितलं, पोरी,” मामा म्हणाले. “साहेबांना गच्ची चढायला लावली. एवढंच जमलं.” मग ते पाळण्यावर वाकले आणि थरथरत्या बोटाने बाळाच्या गालाला शिवले. “या बाई. आमच्यात तसं बरं असतं. कुणी म्हातारं म्हणत नाही.”

कुणी हसलं नाही. लेक उशीत तोंड खुपसून रडायला लागली.

नोंदवाल्यांनी दुपटं बाजूला केलं. नातीच्या हातांची बोटं मोजली, दहा. पायांची मोजली, दहा. पुन्हा पहिल्यापासून मोजली. सगळं बरोबर होतं. सवयीने त्यांनी खिशातलं पेन काढलं, टोपण उघडलं, आणि ते पेन हातात धरून, निबावरची शाई सुकेपर्यंत पाळण्याशी बसून राहिले.