केबिनचं दार उघडल्यावर

ठेवलेलं.
जहाज. निळा समुद्र. कॅप्टन दुर्बीण लावून बेट शोधतो. मग केबिनचं दार उघडतो.

कापलेलं.
दार उघडल्यावर जे होतं, ते सगळं.

ठेवलेलं.
सकाळ. कॅप्टन शर्टाची बटणं लावत डेकवर येतो. बटणंही कापायला हवी होती. राहून गेली.

अनीश लॉस एंजेलिसला प्रौढांच्या फिल्म एडिट करायचा. जुनी साहसकथा घ्यायची, जहाज तेच, बेट तेच, मध्ये मध्ये पलंग घालायचे, असा त्या कंपनीचा धंदा. ओहायोतल्या डब्लिन गावी, घरी, एवढंच ठाऊक होतं की मुलगा फिल्म लाइनमध्ये आहे. मग २००६ च्या हिवाळ्यात आईचा, रत्नाचा, फोन आला. "डॉक्टरांनी ट्रीटमेंट स्टॉप केलीय. बाबांना तुझी एक तरी फिल्म बघायचीय."

वडिलांना दाखवण्याजोगं त्याने वेगळं काढलं. दीड तासातली बारा मिनिटं उरली. ती डीव्हीडी घेऊन तो घरी आला.

वडिलांचा, मनोहरांचा, पलंग आता हॉलमध्ये, टीव्हीसमोर होता.

"दार उघडतो आणि लगेच सकाळ," ते म्हणाले. "किती झोपतो हा माणूस."

"आर्ट फिल्म असेल," रत्ना म्हणाली.

"बाबा, जस्ट वॉच."

रत्ना चहा टाकायला उठली. ती आत गेल्यावर मनोहर हळूच म्हणाले, "आत काय होतं ते कळतं रे मला. तीस वर्षं झाली या देशात."

अनीशने रिमोट उचलला. "बंद करू?"

"नको. कापलंयस चांगलं. मीही कापायचो."

"यू? कधी?"

"तुला झोपवताना. हीच गोष्ट सांगायचो ना, पुस्तकातली. शेवटचं पान गाळायचो. त्या पानात कॅप्टन बेटावर पोचतच नाही. वाटेतच जातो."

"पण तो बेटावर आंब्याची झाडं लावतो. यू टोल्ड मी."

"तू रडला असतास. म्हणून आंबे लावले."

अनीशने रिमोट खाली ठेवला. "मग जहाज घरी कोण आणतं?"

"बाकीचे. आणावंच लागतं." मनोहरांनी डोळे मिटले, उघडले. "तो समुद्र परत लाव. कशाचा केलाय?"

"कापड आहे. दोघं जण खाली झोपून हलवतात."

"दिसतंय. तरी लाव."

ठेवलेलं.
निळं कापड हलतं. रत्ना चहाचा ट्रे घेऊन दारात उभी. "अजून तिथेच? पोचला नाही का हा बेटावर?"

मनोहर मुलाकडे बघतात.

"पोचला, आई," अनीश म्हणतो. "आता आंबे लावेल."

कापलेलं.
त्यानंतरचा आठवडा.