एर्मेलिंदा आत्याचे तीस गुण

आत्याच्या सहीत तोबियाचा फायदा बोटांवर मोजता येण्यासारखा होता. इटलीत लायसन्ससोबत मिळणाऱ्या वीस गुणांपैकी त्याचे दहा शिल्लक, आणि लाल सिग्नल तोडल्याचे बारा जाणार. मुळात त्याचे सहाच कापतात, पण लायसन्स मिळून तीन वर्षं झाली नसतील तर दुप्पट; तोबियाला दोनच झाली होती. आधीचे दहा त्याने फोन हातात धरून घालवले होते. दहातून बारा जात नाहीत असं शाळेत शिकवतात. वाहतुकीच्या कायद्यात जातात, आणि मग लेखी परीक्षेपासून सगळं पुन्हा. नापास झाला की स्कूटर बंद. स्कूटर बंद म्हणजे नोकरी बंद, कारण तो एका कवळ्या करणाऱ्या कारागिराचा माल दवाखान्यांत पोचवायचा, आणि जेनोवाच्या चढांवर दुपारच्या जेवणाआधी कुणाचे दात वेळेवर पोचवायचे तर एकशेपंचवीसच्या स्कूटरला पर्याय नाही.

दुसऱ्या बाजूला त्याची आत्या, एर्मेलिंदा क्वेइरोलो. वय शहात्तर, गुण तीस. तीसच्या वर सरकार कुणालाच देत नाही. तिने मोटार विकून आठ वर्षं झाली होती, पण हातची वस्तू टाकायची नाही या आमच्या शहराच्या धर्माला जागून दर तीन वर्षांनी डोळे तपासून ती लायसन्स नवं करून घ्यायची. चुकीशिवाय दोन वर्षं गेली की दोन गुण वाढतात, आणि जो गाडी चालवतच नाही त्याच्याइतका सज्जन चालक कोण? शिवाय मोटारीच्या लायसन्सवर एकशेपंचवीसपर्यंतची स्कूटर चालते. म्हणजे कागदावर तिला कुणी अडवू शकत नव्हतं.

कागद माझे. मारास्सीत तुरुंगाच्या भिंतीसमोर माझी लायसन्सच्या कामांची कचेरी आहे. कॅमेऱ्यात मागची नंबरप्लेट येते, चेहरा येत नाही. म्हणून साठ दिवसांत गाडीच्या मालकाने कळवायचं की चालवत कोण होतं; ज्याचं नाव, त्याचे गुण. या एका वाक्याने आमच्याकडच्या म्हाताऱ्यांना नवा भाव आला. माझ्याच फायलीत अंथरुणाला खिळलेली एक आजी आहे, जिने महामार्गावर ताशी एकशेसाठने गाडी हाकली. मी शिक्का मारतो. मी काही डॉक्टर नाही.

जानेवारीत दोघं आले. आत्याने चष्मा लावून फॉर्म दोनदा वाचला. एकतीस वर्षं तिने टेकडीवर जाणाऱ्या सार्वजनिक लिफ्टची तिकिटं विकली होती. छापील कागदावर तिचा विश्वास नव्हता.

"सहा गुण द्यायचे ना? दे. मला ते स्टाल्येनोच्या स्मशानात थोडेच न्यायचेत?"

"तिथेही पार्किंगची अडचण आहे, सिन्योरा," मी म्हणालो. ती हसली. तोबिया हसला नाही. एरवी हा मुलगा कुठल्याही विनोदाला आधी हसतो आणि मग ऐकतो. हे माझ्या लक्षात आलं होतं, आणि मी ते लक्षात येऊ दिलं नाही. तारीख लिहिली चौदा नोव्हेंबर, वेळ संध्याकाळचे सहा बेचाळीस. आत्याने सही केली, मी शिक्का मारला.

मार्चच्या पहिल्या शुक्रवारी ती एकटीच आली. टोपी घातलेली होती. टोपी ती फक्त मयताला घालते.

"अमेदेओ, हे वाच. मी वाचलंय, पण मी चुकीचं वाचलं असेल."

नगरपालिकेच्या पोलिसांचं पत्र होतं. मंगळवारी दहा वाजता ओळखपत्र आणि लायसन्स घेऊन हजर राहावं. चौदा नोव्हेंबरला त्याच रस्त्यावर झालेल्या अपघाताच्या चौकशीसाठी.

"अपघात कसला? लाल सिग्नलला अपघात म्हणायला लागले का?"

मी जुनी वर्तमानपत्रं काढली. पंधरा नोव्हेंबरच्या पानावर आठ ओळी होत्या. एक्याऐंशी वर्षांचा माणूस झेब्रा क्रॉसिंगवर, पावणेसातच्या सुमारास. स्कूटर पळून गेली. प्रकृती चिंताजनक. जागा आमच्या सिग्नलच्या पुढे दोनशे पावलांवर. बातमी तिला वाचून दाखवताना माझा आवाज मला परका वाटला, कारण तिच्या सहीखाली माझा शिक्का होता.

"मेला का तो?" तिने विचारलं.

"इथे लिहिलेलं नाही."

"नोव्हेंबर, डिसेंबर, जानेवारी, फेब्रुवारी. चार महिने चिंताजनक कोण राहतं? एक तर बरा होतो, नाही तर..." तिने वाक्य सोडून दिलं आणि खिडकीबाहेर पाहिलं. बाहेर पाहायला आमच्याकडे तुरुंगाची भिंतच आहे.

"तोबियाला विचारलंत?"

"फोन उचलत नाही. काल चार वेळा केला. कधी नव्हे ते दारात पालेभाजी ठेवून गेला, बेल न वाजवता."

मग ती बराच वेळ हातमोज्यांची बोटं एकेक करून ओढत बसली. शेवटी म्हणाली, "बघ. खरं सांगितलं तर खोटी सही केली म्हणून तू, मी आणि तो पोरगा, तिघं अडकतो. खोटंच धरून बसले तर माणूस उडवला म्हणून मी एकटी. तिघांपेक्षा एक स्वस्त."

"सिन्योरा, ही काय घाऊक खरेदी आहे?"

"तू गप बस. तुला काय, तू शिक्का मारतोस."

मला लाज वाटायला हवी होती. मला हायसं वाटलं.

शनिवारी दुपारी तिने मला तिच्या इमारतीच्या अंगणात बोलावलं. तोबियाची स्कूटर आठवडाभर तिथेच झाकून ठेवलेली होती. तो म्हणे बसने कामाला जायचा. पोलीस विचारतील तेव्हा निदान सुरू कशी करतात एवढं तरी सांगता यावं, असं तिचं म्हणणं. मी आवरण ओढलं. शहात्तर वर्षांची बाई, गुडघ्यापर्यंतचा स्कर्ट सावरत, भिंतीला धरून स्कूटरवर बसली. पाय जमिनीला जेमतेम टेकत होते.

"ब्रेक कुठाय?"

"दोन्ही हातात."

"दोन्ही? मग सुटतं कशाने?"

"उजवी मूठ पिळायची. पण पिळू नका! आधी ब्रेक धरा."

तिने मूठ पिळली. इंजिन बंद होतं, तरी तिने डोळे मिटले. वरच्या मजल्यावरची बाई कपडे वाळत घालताना थांबली आणि ओरडली, "काय हो, लग्नाला निघालात का?"

"निघाले! तुझ्या नवऱ्याला घेऊन!" आत्या ओरडली. पण मुठी तिने अशा आवळल्या होत्या की आरसे हलत होते. तेवढ्यात मला दिसलं. डावा आरसा दोन वर्षांच्या पावसाने मळलेला, कडेला गंज. उजवा कोरा करकरीत, कडेला दुकानाचा कागद अजून अर्धा चिकटलेला. उजव्या ब्रेकची दांडीसुद्धा नवी होती. खाली पत्र्यावर हातभर लांब ओरखडा, वरून रंग लावलेला, रंग किंचित वेगळा.

माणूस एखाद्या जागेकडे फार वेळ पाहत राहिला की दुसराही पाहतो. आत्याने पाहिलं. नव्या आरशात तिला स्वतःचा चेहरा दिसला असणार, टोपीशिवाय.

"उतरव मला," ती म्हणाली.

त्या क्षणापर्यंत आम्हा दोघांनाही मनातून वाटत होतं की पोलिसांचा काही गोंधळ झाला असेल. ती सोय तिथे संपली. रविवारी ती घराबाहेर पडली नाही. सोमवारी तिने मला फोन करून एकच विचारलं: आत गेल्यावर रक्तदाबाच्या गोळ्या तिथेच देतात की घरून न्याव्या लागतात? मला माहीत नव्हतं. समोरच्या भिंतीत माणसं जाताना मी वीस वर्षं पाहतोय, गोळ्यांचं कधी कुणाला विचारलं नाही.

मंगळवारी बसथांब्यावर तोबिया उभा होता. हिरवं जाकीट, दाढी वाढलेली. त्याने आत्याची पिशवी घेतली. पिशवीत गोळ्या आणि रात्रीचे कपडे होते.

"आत्या, तू म्हण काही आठवत नाही. या वयात चालतं."

"मला सगळं आठवतं, तीच अडचण आहे," ती म्हणाली. "ये. माझ्या शेजारी बस."

बसमध्ये ती खिडकीकडे तोंड करून बसली. मागच्या बाकावरून मला दोघांच्या माना दिसत होत्या. एकाच घरातल्या माना, आणि दोन्ही ताठ.

पोलिसांच्या कचेरीत आत आम्ही दोघं गेलो, कारण पत्रात फॉर्म भरणाऱ्यालाही बोलावलं होतं. तोबिया बाहेर बाकावर बसला. निरीक्षक कानेपा चाळिशीतली बाई. तिने आत्याला खुर्ची दिली, पाणी दिलं, आणि फॉर्म समोर सरकवला. तिच्या शांतपणाने मला जास्त भीती वाटली. ओरडणाऱ्या माणसाकडे अजून काही शोधायचं बाकी असतं.

"ही सही तुमची?"

"माझी."

"चौदा नोव्हेंबरला संध्याकाळी तुम्ही स्कूटर चालवत होता?"

"होते."

"कुठे निघाला होता?"

"दात पोचवायला."

कानेपाने माझ्याकडे पाहिलं. मी छताकडे पाहिलं. छतावर पाण्याचा एक डाग होता, तो मला आजही काढून दाखवता येईल.

"कुणाचे दात?"

"गिऱ्हाइकाचे," आत्या म्हणाली. आवाज इतका बारीक झाला होता की पुढच्या उत्तराला ती उरेल की नाही असं वाटावं. "आणि तो माणूस मध्ये आला. मी थांबले नाही. लिहा. माझी पिशवी बाहेर आहे."

कानेपाने पेन खाली ठेवलं.

"सिन्योरा, तो माणूस जिवंत आहे. गेल्या महिन्यात तो नीट बोलायला लागला, म्हणून तर तुम्हाला बोलावलं. नेस्तोरे त्याचं नाव. तो सांगतो, पंचवीसच्या आतला एक मुलगा होता. स्कूटर उभी केली, हेल्मेट काढलं, जवळ आला. नेस्तोरेने त्याला हात धरायला सांगितलं. मुलाने बघितलं. मग हेल्मेट घालून निघून गेला."

आत्याने पाण्याचा पेला उचलला आणि न पिता खाली ठेवला.

"थांबला होता?"

"थांबला होता."

"आणि त्याने हात मागितला?"

"मागितला."

आता तिला तुरुंगाची भीती उरली नव्हती; एका वाक्यात ती तिच्यावरून उतरली होती. पण चेहऱ्यावर काही सुटल्यासारखं दिसलं नाही. न पाहता पळालेल्या पोराच्या जागी बसायची तिची तयारी होती. पाहून गेलेल्या पोराच्या जागी कसं बसायचं, हे तिला कळत नव्हतं.

"नाव तुम्ही सांगता की आम्ही शोधू?" कानेपाने विचारलं. "स्कूटर कुणाच्या नावावर आहे ते मला माहीत आहे. पण चौकशीच्या कागदावर कोण स्वतःहून आलं याला वेगळा रकाना असतो."

"तुमची कॉफी व्हायचीये का?"

"काय?"

"कॉफी. ती प्या. तेवढा वेळ द्या."

कानेपाने आधी तिच्याकडे पाहिलं, मग घड्याळाकडे, आणि ती कॉफीच्या यंत्राकडे गेली. मी दार उघडलं.

बाक रिकामा होता. पिशवी बाकावर, तोबिया नाही.

आत्याने दाराची चौकट धरली. लांब कॉरिडॉर, दोन्हीकडे बंद दारं, टोकाला जिना. मी पुढे धावलो, आणि खरं सांगतो, तो सापडू नये असंही मला क्षणभर वाटलं. सापडला तर माझा शिक्काही सापडणार होता.

तो जिन्याच्या पहिल्या वळणावर बसला होता. आठ पायऱ्या उतरला होता. कठडा दोन्ही हातांनी धरलेला, आणि एक पाय पुढच्या पायरीवर टेकवून परत मागे घेत होता.

"खालीही जाता येत नाही," तो म्हणाला. "आत्या, मला खालीही जाता येत नाही."

आत्या एकेक पायरी उतरली. मला वाटलं कानाखाली देईल. तिने पुढे हात केला.

"धर."

त्याने धरला नाही. तिने हात मागे घेतला नाही. वरून कॉफीच्या यंत्राचा आवाज आला आणि थांबला.

"धर, तोबिया. मला फार वेळ उभं राहवत नाही."

त्याने धरला. दोघं वर आले, तो पुढे आणि ती मागे, आणि कानेपाच्या टेबलासमोर त्याने स्वतःचं नाव स्वतः सांगितलं. जन्मतारीख सांगताना दोनदा चुकला.

कुणी काय भरलं ते लिहून ठेवतो. तोबियाचं लायसन्स चार वर्षांसाठी गेलं, नोकरी त्याच आठवड्यात गेली, आणि शिक्षा न्यायाधीशाने तुरुंगाऐवजी सेवेची दिली. अपंगांच्या गाडीत माणसं चढवायची-उतरवायची, एकवीस महिने. माझ्या कचेरीला तीन महिने टाळं होतं. आत्याला पहिलाच गुन्हा म्हणून सौम्य शिक्षा झाली, तीही स्थगित. आणि कापलेले सहा गुण सरकारने इमानेइतबारे परत केले. पुन्हा तीस. या वर्षी लायसन्सची मुदत संपली तेव्हा ती डोळे तपासायला गेली नाही.

नेस्तोरेच्या खात्यात जमेला काही नव्हतंच. तो त्या संध्याकाळी गरम फारिनाता, म्हणजे भट्टीतलं बेसनाचं धिरडं, आणायला उतरला होता, दोन माणसांपुरतं. त्याचं घर पाचव्या मजल्यावर, पायऱ्या शहाण्णव, लिफ्ट नाही. कमरेत खिळे घालून त्याला खुर्चीतून वर नेलं, त्याला आता दीड वर्ष झालं. तो अजून खाली आलेला नाही.