टेलरकाकांच्या सुया

“आधी नुसतं बसायचं. माणसं आपल्याला विसरली, की मग बटण दाबायचं.”

मित्रांनो, मी एक जुना कॅमेरा आहे आणि माझ्या ताईच्या गुरूंचे हे शब्द तिच्याइतकेच मलाही पाठ आहेत. ताई एकटीच सिनेमे बनवते. नट नाहीत, झगमगाट नाही. साध्या माणसांकडे मायेनं बघत राहायचं, एवढंच तिचं काम. तिचा एक नेम आहे. मी चालू झालो, की माझ्या कपाळावर लाल दिवा लागतो. पुष्कळ जण त्यावर काळी पट्टी चिकटवतात. ताई मात्र पहिल्याच दिवशी शब्द देते, “दिवा लागलेला नसेल, तेव्हाचं काहीही मी दाखवणार नाही.”

माझे सगळ्यात सुखाचे दिवस टेलरकाकांच्या दुकानात गेले. सुरुवातीला काका इस्त्रीचा शर्ट घालून, श्वास रोखून बसायचे. शेवटी काकू म्हणाल्या, “अहो, ती फोटो नाही काढत. हला जरा, नाहीतर लोक म्हणतील दुकानात पुतळा ठेवलाय!”

“आणि तू गं? पावडर कोणासाठी लावलीस?” काका म्हणाले.

ताई इतकी हसली, की तिच्या हातात मी गदागदा हललो.

हळूहळू मी घरातलाच झालो. काकू माझी धूळ पुसायच्या, मापाची टेप माझ्या तिपाईला अडकवायच्या. काका गिऱ्हाइकांना सुयांची गादी दाखवायचे, “नजर अजून तरुण आहे. बघा, एक सुई दोऱ्यावाचून रिकामी नाही!”

एका दुपारी काका जेवून आत पडले होते. रिकामं दुकान टिपायला मला चालू ठेवून ताई हात धुवायला गेली. घाईत दिव्याकडे बघायचं राहिलं. काकू आल्या. दिवा विझलेला पाहून निर्धास्त बसल्या. गादीतली एकेक रिकामी सुई काढून त्यांनी ओवली आणि होती तिथेच टोचली. काळा दोरा, पांढरा दोरा. झोपलेल्या लेकरावर पांघरूण घालावं, इतक्या हळुवारपणे. म्हातारपणी माझा दिवा गेला होता, मी मात्र चालूच होतो. आणि मला मेल्याला ते सांगता येईना!

ताईच्या सिनेमांचं संकलन करणारा तिचा मित्र ते चित्रण पाहून खुर्चीतून उठलाच. “हाच तुझा सिनेमा! हे काढलंस तर उरतात नुसती काजं-बटणं. उद्या महोत्सवाला पाठवायचाय.”

“काकूंना वाटलं, कॅमेरा बंद आहे.”

“त्यांना काय कळणार आहे?”

“मला कळलंय ना,” ताई म्हणाली.

मित्रांनो, जुन्या वस्तूंना पुसा, त्यांचे गेलेले दिवे बदला. पण कोणाची झाकलेली माया चुकून नजरेला पडली, तर तिला त्याहून जपा. ती आपली नसते.

दुपार झाली. काकूंना ते दाखवून विचारायला ताईनं लॅपटॉप पिशवीत घातला.

“आणि त्या नाही म्हणाल्या तर?” मित्रानं विचारलं.

ताईनं घड्याळ बघितलं. काका आत पडले, की काकू एकट्या असतात. तेवढी वेळ गाठायची होती. तिनं चपला घातल्या आणि आवाज न करता दार ओढून घेतलं.