पुतळाबाईंची उभी साडी

चूक माझीच होती, हे आधी कबूल करते. नाहीतर आमच्या घरात ते कबूल करून घ्यायला माणसं रांगेत उभी असतात.

माझी नणंद मनाली हिचं लग्न दिघाशीच्या हितेशशी ठरलं. साखरपुड्याची बोलणी करायला त्याची आई, पुतळाबाई, अंजूरला आमच्याकडे जेवायला आल्या. बाई जिभेच्या तिखट, असं लग्न जुळवणाऱ्याने आधीच सांगून ठेवलं होतं. मी जपून वाढत होते. इतकी जपून, की निवट्यांच्या, म्हणजे खाडीतल्या माशांच्या, कालवणाची अख्खी पळी त्यांच्या निऱ्यांवर सांडली.

साडी मोतिया रंगाची, अस्सल रेशमाची. हितेशने पहिल्या पगारातून घेतलेली.

"साखरपुड्याला हीच नेसाची व्हती मना," पुतळाबाई म्हणाल्या. आणि ओल्या निऱ्या चिमटीत धरून उठल्या.

"मी धुवून देते, मावशी. हाताने. साखरपुड्याच्या दिवशी इथेच नेसा, डाग दिसला तर मला बोला," मी म्हणाले. त्या माझ्या सासूबाईंची, म्हणजे आक्कांची, सुती साडी नेसून परत गेल्या. जाताना उंबऱ्यात थांबून म्हणाल्या, "बगू, सुनंच्या हाताला गुन हाय का."

झालं. आता प्रश्न साडीचा राहिलाच नाही. साडी बिघडली तर जन्मभर दोन घरांत माझं नाव निघणार होतं, आणि मनालीला सासरी पहिला टोमणा माझ्यामुळे बसणार होता. पोरीने दोन दिवस माझ्याशी बोलणं टाकलं.

हळदीच्या डागाला साबण लावला की तो लाल होतो, एवढं मला ठाऊक होतं. म्हणून रिठे रात्रभर भिजवले, सकाळी कुस्करून फेस काढला, गाळून थंड पाण्यात मिसळला. साडी त्यात नुसती बुडवायची, वर काढायची. घासायचं नाही, आपटायचं नाही, पिळायचं तर अजिबात नाही. पाच पाण्यांतून काढली. मग टॉवेलात गुंडाळून दाबली आणि सावलीत पसरली. डागापुरतं कोवळं ऊन दाखवलं, बाकीच्यावर चादर. असं तीन दिवस केलं. पोटच्या पोराला कोणी इतक्या हळुवारपणे आंघोळ घातली नसेल.

डाग गेला! मी अंगणात नाचले. शेजारच्या ठकुबाईंना घरी बोलावून दाखवलं. साडी मात्र जरा लुळी पडली होती. रेशीमच ते, इस्त्रीने उठलं असतं.

पण आमच्या घरात भाऊ आहेत.

भाऊ म्हणजे माझे सासरे. पंचवीस वर्षं त्यांनी भिवंडीत लूम चालवले. आता लूम गेले, पण कापडातलं आपल्यालाच कळतं हा समज गेला नाही. कापडाचा तागा हातात घेऊन ते पन्हा, म्हणजे त्याची रुंदी, सांगतील. स्वतःचा रुमाल मात्र त्यांनी आजवर धुतलेला नाही.

साखरपुड्याच्या दिवशी सकाळी मी केस करायला पार्लरमध्ये गेले. परत आले तर साडी ओटीवर होती. दोरीवर नव्हे. भिंतीला टेकून उभी होती.

"भाऊ, हे काय?"

"मेलेलं कापर व्हतं, जान आनली," भाऊ म्हणाले. "साइझिंगमधून खल मागवली."

लूमवर चढवायच्या आधी साइझिंगच्या कारखान्यात सुताला जी घट्ट खळ देतात, धागा तुटू नये म्हणून, ती. एका साडीला त्यांनी अर्धी बादली वापरली होती. वर पंखा लावून कडकडीत वाळवली. मी पदराला हात लावला, तो पापडासारखा वाजला.

"तुमच्या हाताला काय झालं व्हतं?" आक्का कडाडल्या. "इहीन काय ताग्यासारखी फलीला गुंडालाची हाय?"

"मजबूत झाली. आता सात जन्म फाटाची न्हाय," भाऊ म्हणाले आणि आंघोळीला पळाले.

पुन्हा धुवायला वेळ नव्हता. अंगणातल्या मांडवात पाहुणे आले. पुतळाबाई आतल्या खोलीत येऊन उभ्या राहिल्या. मी रडकुंडीला येऊन साडी नेसवू लागले. निऱ्या घालाव्या लागल्या नाहीत, मोडाव्या लागल्या. पुतळाबाईंनी पदर नाकाजवळ नेला, माझ्याकडे पाहिलं आणि मांडवात गेल्या.

तिथे खरा प्रकार कळला. त्यांना बसता येईना. गुडघ्यापाशी साडी वाकेचना. दोनदा खुर्चीपाशी गेल्या, दोनदा परत सरळ झाल्या. मग उभ्याच राहिल्या. उभं राहून नुसतं काय करणार, म्हणून येणाऱ्याला नमस्कार करू लागल्या. हातात सरबताचा ट्रे आला, तो फिरवला. म्हाताऱ्यांना खुर्च्या दिल्या. मनालीच्या डोक्यावरून हात फिरवला. अंगठ्या झाल्या, जेवणावळ उठली, तीन तास झाले, बाई उभ्याच.

"काय इहीन हाय!" बायका बोलू लागल्या. "मुलाची आय असून येकदा बूड टेकलं न्हाय. मनालीनं नशीब काढलं."

मला राहवेना. मी त्यांना मांडवामागे नेलं. "मावशी, चुकलं. खळ लागलीय साडीला. माझी दुसरी साडी आणते, बदला आणि बसा जरा."

"वासावरनंच कललं मना. माजा बाप साइझिंगला ड्युटी कराचा," पुतळाबाई म्हणाल्या. त्या उभ्याउभ्याच मांडवाच्या बांबूला टेकल्या. मला वाटलं, आता तोंडाचा पट्टा सुटणार.

त्यांनी माझं मनगट घट्ट धरलं.

"र्‍हाऊ दे. तीस वर्सांत कोनी मना बरी म्हटलं न्हवतं गं."

मी त्यांच्या पाठीला हाताचा टेकू दिला आणि आम्ही दोघी परत मांडवात गेलो. शेवटचा पाहुणा जाईपर्यंत मीही बसले नाही.