तोंडात गेलेला गूळ

"मागंच घ्यायची होती तं लढलो कायले, मॅडम?" गुलाबसिंगचा आवाज हायकोर्टाच्या वऱ्हांड्यात एवढा चढला, की जाणारे-येणारे वळून पाहू लागले.

"हळू बोला. हरलो नाही आपण," वकील उर्वशीबाई म्हणाल्या. "खाजगी जिनिंगमधला वाद आधी कामगार न्यायालयात न्या, असं जज्जसाहेबांचं म्हणणं आहे. याचिका मागं घ्यायची, पण तिकडं जायची मोकळीक मागून. यवतमाळात नव्याने लावू. तिथं साक्षीदार उभा करता येतो. तुमचे वडील आहेत ना?"

वडील होते. गुलाबसिंग चौकीदार होता त्या जिनिंगमधल्या कापसाच्या गंजीला आग लागली, त्या दुपारी पूनमसिंग लेकाची भाकर घेऊन तिथंच आले होते. बादल्या ओतता ओतता लेकाचे हात भाजले, ते त्यांनी डोळ्यांनी पाहिलं होतं. मालकाने मात्र चौकीदार दारू पिऊन झोपला होता असा ठपका ठेवून त्याला हाकललं. नोकरी काय, दुसरी मिळते. पण 'झोपलेला चौकीदार' हे नाव त्याला चिकटलं, आणि ते त्याला आतून कुरतडत होतं. त्याने होकार दिला खरा, पण परतीच्या बसमध्ये त्याला चैन पडेना. खिडकी उघड, लाव, पुन्हा उघड. शेजारचा प्रवासी वैतागून दुसऱ्या सीटवर जाऊन बसला.

तो पोचण्याआधी केस मागं घेतल्याची बातमी त्यांच्या बंजारा तांड्यात पोचली होती. तांड्याचा रिवाज असा, की प्रमुखासमोरची, म्हणजे नायकासमोरची, तक्रार मागं घेतली की गूळ फुटतो, आणि ज्याने तो गूळ खाल्ला त्याने तो विषय पुन्हा काढायचा नाही. जिनिंगच्या मॅनेजरला हे पक्कं ठाऊक, आणि नवी केस लागणार हेही. गुळाची भेली घेऊन तो नायकाच्या ओट्यावर हजर झाला. लखीराम नायक भोळा सांब. भांडण मिटलं म्हणून त्याने हौसेनं गूळ फोडून वाटला.

"बा, तू खाल्ला?" गुलाबसिंगने दारातूनच विचारलं.

"खाल्ला ना. नायक म्हने, पोरानं केस मागं घेतली. मले वाटलं, सुटला बापा एकदाचा."

"मिटलं नाही, बा! यवतमाळले नवी केस लावून राह्यलो. तुह्याच साक्षीवर तं सारं हाय!"

"मंग फोन काहून नाही केला?"

वाटभर गुलाबसिंगला स्वतःलाच हरल्यासारखं वाटत होतं. घरी काय सांगायचं म्हणून त्याने फोनच केला नव्हता.

"त्या मॅनेजरनं फसवलं तुले."

"फसवलं त्यानं. पन खाल्ला तं म्याच," पूनमसिंग म्हणाले. "आता मले त्याच्यावर बोलता येत नाही, गुलाब."

गुलाबसिंगने आदळआपट केली, पाया पडून पाहिलं. म्हातारा रडला, पण हलला नाही.

यवतमाळच्या तारखेच्या सकाळी गुलाबसिंग एकटाच फाट्यावर आला. उभं राहवेना, म्हणून येरझाऱ्या घालत राहिला. बस आली, तो चढला आणि मागून काठी वाजली. पूनमसिंग पायरी चढत होते. डोक्याला लग्नातला लाल फेटा, हातात गाठोडं.

"बोलशीन, बा?"

"नाही."

"मंग येतं कायले?"

"तुह्या बाजूले बसाले," म्हातारा धापा टाकत म्हणाला. "बसाले काही मनाई नाही. पाहू दे जज्जसाहेबाले, तुह्यासंग कोन हाय थे."

गुलाबसिंगने सरकून त्यांना खिडकीची जागा दिली. गाठोडं त्याने आपल्या मांडीवर घेतलं. आतली भाकर अजून गरम होती.