तोरीबाहेरची बहीण

नोव्हेंबरात मेपल लाल झाला की अख्ख्या जपानला एकदम देव आठवतो. एरवी घरच्या देव्हाऱ्यावरची धूळ झटकायला ज्यांना सवड नसते, ते पहाटे उठून डबे बांधून आमच्या बसपाशी रांगेत उभे. क्योटोहून निघायचं, बिवा तळ्याच्या काठाकाठाने दोन देवळं आणि एक बुद्धविहार करायचा, मध्ये जेवण, शेवटी तळ्याचा देखावा, आणि अंधार पडायच्या आत परत. मी मिसाओ, गाईड. वय अठ्ठावन्न, टोपी आणि स्कार्फ कंपनीचा, हातात पिवळा झेंडा, आणि आवाज असा की माईक बंद पडला तरी शेवटच्या सीटवरच्या आजोबांची झोप मोडते.

त्या दिवशी बसच्या दाराशी उभी राहून प्रत्येकाला वाकून नमस्कार करत होते, मान वर केली तर समोर नोबुए. माझी धाकटी बहीण. ही बाई त्सुरुगा सोडून दात काढायलासुद्धा कधी दुसऱ्या गावी गेलेली नाही. हातात तिकीट, अंगात करडा कोट, आणि तोंडावर ते नेहमीचं, कुणीतरी आपलं काहीतरी खाल्लंय असं.

मला पहिला प्रश्न सुचला तो आईचा. आई त्र्याण्णव वर्षांची, त्सुरुगाच्या घरी अंथरुणाला खिळलेली, डोक्यातलं बरंचसं पुसून गेलेलं. नोबुएने लग्न केलं नाही, आईचं सगळं तिनेच केलं, ते मी कधी नाकारलं नाही. मी सुट्टी मिळाली की जायचे. पण उन्हाळ्यात नोबुएने मला बजावलं, ताई, तू येत जाऊ नकोस, तू गेलीस की आई बिथरते, रात्रभर दार उघडा म्हणून ओरडते, मग चार दिवस अन्नाला शिवत नाही. मला ते लागलं, पण आईच्या जेवणापुढे माझं काय. मी एकच गोष्ट मागितली. वेळ जवळ आलीसं वाटलं की फोन कर, मी असेन तिथून धावत येईन. जाताना आईचा हात माझ्या हातात असावा, बास. नोबुए हो म्हणाली होती. तेव्हापासून फोन माझ्या उशाशी, आणि कामावर असताना कंपनीचा नियम मोडून गणवेशाच्या खिशात.

तर मी विचारलं, आईजवळ कोण आहे. म्हणाली, आजच्या दिवसापुरतं म्हाताऱ्यांच्या देखभाल केंद्रात ठेवलंय, तिथल्या मुली चांगल्या आहेत. कशी आहे? बरी आहे, म्हणाली, पेज खाते.

माझा जीव भांड्यात पडला. वेडी मी! मला वाटलं, पोरगी इतक्या वर्षांत पहिल्यांदा घराबाहेर पडली आणि आली ती माझ्याकडे. तिला माझ्या मागची पहिली सीट दिली. बस सुटल्यावर माईकवरून सगळ्यांना सांगितलं, आज माझी सख्खी बहीण बसमध्ये आहे, तेव्हा मी लहानपणाबद्दल जास्त थापा मारणार नाही. लोक हसले, टाळ्या वाजवल्या. नोबुएने बसल्या जागी मान झुकवली आणि खिडकीकडे तोंड केलं.

पहिलं देऊळ साकामोतोच्या डोंगराखाली. दोन्ही बाजूंनी मेपल नुसता पेटलेला, समोर उंच लाल तोरी. तोरी म्हणजे देवाच्या हद्दीची कमान, तिच्याखालून गेलात की तुम्ही देवाच्या अंगणात. सगळे फोटो काढत पुढे निघाले आणि नोबुए चहाच्या टपरीपाशी थांबली. गुडघा दुखतोय, म्हणाली, तू जा, मी इथेच बसते. मी तिला गरम चहा घेऊन दिला आणि वर ओरडलेसुद्धा, की चांगल्या डॉक्टरला का दाखवत नाहीस. मग झेंडा उंच करून आत गेले, हात धुतले, घंटा वाजवली, दोन टाळ्या वाजवून डोळे मिटले आणि रोजच्यासारखं मागितलं. आईला उबेत ठेव, तिला दुखू देऊ नकोस. असं मी रोज मागायचे, जिथे बस थांबेल त्या देवाकडे.

तिथून विहार. त्याच्या पायऱ्या अशा की चांगले तरणे लोक मध्येच देखावा बघायच्या निमित्ताने दम खातात. मी मागे राहून एका आजीबाईंना हात देत होते. वर पाहिलं तर नोबुए सगळ्यांच्या पुढे. टकाटक चढत होती, कठड्यालासुद्धा हात न लावता.

मी वर पोचले तेव्हा ती बुद्धासमोर उदबत्ती लावत होती. पर्समधून काळी जपमाळ काढून बोटांत गुंडाळली होती. सहलीला आलेली माणसं तोंडदेखला नमस्कार करतात आणि भिक्षूंनी केलेल्या गोड वड्या कुठे मिळतात ते विचारतात. ही डोळे मिटून उभी, ओठ हलतायत, मागे रांग खोळंबलेली. गर्दीने धक्का दिला तरी हलली नाही.

आणि मला टपरीवरचा तो दुखरा गुडघा आठवला.

इतकी वर्षं हे काम करतेय. प्रत्येक सहलीत एखाददुसरा माणूस असा असतोच, विहारात जातो पण तोरीबाहेर थांबतो. मी कधी कुणाला कारण विचारत नाही. देवळातल्या देवाला मरणाचा विटाळ चालत नाही. बुद्धाला चालतो, मरणाचं सगळं त्याच्याकडेच. घरात कुणी गेलं की सात आठवड्यांचं सुतक, तेवढे दिवस तोरीखालून पाऊल टाकायचं नाही. नोबुएला नवरा नाही, पोर नाही. सुतक धरावं असं आम्हा दोघींना एकच माणूस उरलं होतं.

मी काय केलं? काही नाही. झेंडा वर केला आणि म्हणाले, मंडळी, चला, जेवण थंड होईल. दुसरं काय करणार, बसभर लोक माझ्या तोंडाकडे बघत होते. जेवायला बसवलं, आंबवलेल्या माशाचा इथला वास काय असतो त्याचा ठरलेला विनोद केला, सगळे ठरल्यासारखे नाक दाबून हसले. नोबुएने मासा बाजूला सारला आणि नुसता भात नि लोणचं खाल्लं. मी समोर बसून तिचा घास न् घास पाहत होते. एकदाच तिने वर बघितलं, आणि तिला कळलं की मला कळलंय. चहा मी तिला ओतला, तिने मला ओतला.

शेवटचं देऊळ तळ्याकाठी, त्याची तोरी पाण्यात उभी असते. लोक त्यासाठीच तर येतात. मी सगळ्यांना खाली उतरवलं, मधला हमरस्ता ओलांडून तळ्याच्या बाजूला जाऊ नका, फोटो अलीकडूनच काढा, असं दोनदा बजावलं, आणि आज तुमचे तुम्ही दर्शन घ्या म्हणाले. ड्रायव्हर कुवाबारा माझ्याकडे बघतच राहिले, कारण मी कधी कुणाला एकटं सोडत नाही. मग सिगारेट ओढायला निघून गेले. नोबुए सीटवरच होती. या वेळी तिने गुडघ्याचं नाव काढलं नाही.

"कधी?" मी विचारलं.

"गेल्या महिन्याच्या शेवटी."

मी मनात हिशोब करत गेले. त्यानंतर मी कितीदा तोरीखालून गेले, कितीदा टाळ्या वाजवल्या, गेलेल्या बाईला दुखू नये म्हणून देवाला कितीदा साकडं घातलं. देवाने ऐकून काय म्हटलं असेल! मी पिवळा झेंडा काठीला गुंडाळत राहिले.

"सकाळी माझ्या तोंडावर सांगितलंस, पेज खाते म्हणून," मी म्हणाले. "तोरीखालून मात्र पाऊल उचललं नाही. देवाला घाबरलीस, मला नाही."

"देव शिक्षा करतो," ती म्हणाली. "तू काय करणार होतीस?"

डोक्यात तिडीक गेली. तिला खांद्याला धरून खाली उतरवावं आणि तिथेच सोडून द्यावं असं वाटलं. पण मला ऐकायचंही होतं. मी समोरच्या सीटवर बसले आणि ती बोलायला लागली, खिडकीकडे बघत, एकसुरात. म्हणाली, नऊ वर्षं आईचं हगणं-मुतणं काढलं, आणि नऊ वर्षांत तिने मला एकदा माझ्या नावाने हाक मारली असेल तर शपथ. मी म्हणजे कामाची बाई, नाहीतर शेजारीण, नाहीतर मिसाओ. जास्त करून मिसाओच. मिसाओ, पाणी दे. मिसाओ, केस विंचर. तू येऊन गेलीस की तर विचारायलाच नको, रात्रभर दारात मिसाओ. म्हणून तुला येऊ नको म्हटलं, आईच्या जेवणासाठी नाही. माझ्यासाठी.

"आणि फोन?"

"हातात होता, ताई. तुझा नंबरही काढला होता. तेवढ्यात तिने डोळे उघडले, माझा हात धरला आणि म्हणाली, मिसाओ, आलीस?" नोबुएने मांडीवरची पर्स जवळ ओढली. "मी म्हटलं, आले, आई. मग फोन खाली ठेवला. म्हटलं, आता कशाला, तू तर आलेलीच आहेस."

बाहेर आमचे लोक तळ्यातल्या तोरीला पाठ करून, बोटं उंचावून हसत होते.

मी विचारलं, मग आज कशाला आलीस. इतकं लपवलंस, आणखी लपवायचं होतं. ती म्हणाली, आईने एक सांगितलंय, ते तुला सांगायचं होतं. सकाळपासून म्हणतेय आता सांगू, मग सांगू.

"काय?"

"म्हणाली, मिसाओ, नोबुएला टाकू नकोस. ती तोंडाची कडू आहे, तिचं कुणाशी पटत नाही, पण तिला दुसरं कुणी नाही. तू मोठी आहेस, तू सांभाळ." तिने रुमाल काढला आणि नुसता हातात चुरगळत राहिली. "माझ्याच हाताला धरून, मलाच सांगत होती."

"तू काय म्हणालीस?"

"हो म्हणाले. तुझ्या नावाने."

मला तिची दया आली. खरं सांगते, आली. पांढरे केस, करडा कोट, आणि एवढंसं तोंड करून बसलेली माझी बहीण. हात पुढे केला असता तर तिथेच सगळं मिटलं असतं. पण आईचा तो हात मला मिळायचा होता, ती हाक माझी होती, आणि दोन्ही हिने परस्पर घेतलं होतं. राग दयेपेक्षा मोठा निघाला.

"मग ज्या मिसाओने हो म्हटलं, तिनेच सांभाळावं तुला," मी म्हणाले. "मला कुणी काही सांगितलेलं नाही."

तिने माझ्याकडे पाहिलं. रडली नाही. रुमालाची घडी घातली आणि पर्समध्ये ठेवली.

लोक परत आले. मी डोकी मोजली, माईक घेतला. क्योटो येईपर्यंत दोन गाणी म्हटली, कारण आजीबाईंनी आग्रह केला. नोबुए सगळ्यांत शेवटी उतरली आणि पायरीखाली थांबली, मी काहीतरी म्हणेन म्हणून. इतरांना घातला तसाच वाकून नमस्कार मी तिला घातला, आज आमच्यासोबत आलात, आभारी आहे, असं कंपनीचं वाक्य म्हटलं, आणि कुवाबारांना दार लावायला सांगितलं.

दुसऱ्या दिवशी साहेबांना कळवलं की आई गेली, काही आठवडे मला देवळांच्या सहली देऊ नका. साहेब भले आहेत. त्यांनी वाकून दुःख व्यक्त केलं, मग हलकेच, आमच्याकडे सगळेच विचारतात ते विचारलं, शेवटची भेट झाली ना?

झाली, मी म्हटलं. आईने मला नावाने हाक मारली.